मूळ घरची चवथ की फ्लॅटवर वेगळा गणपती?

पर्वरीकर

मंडळी, आमच्या घरात पंधरा दिवस हा एकच विषय चालू आहे, म्हणून इथे टाकतो.

आमचं मूळ घर गोव्यात बोरीला. पाच शाखा, प्रत्येक शाखेत तीन चुली. गणपती मात्र एक. पूजेची आणि खर्चाची पाळी फिरती, त्यामुळे आमच्या चुलीला ती पंधरा वर्षांनी येते. मागची २०१३ ला वडिलांनी केली, पुढची २०२८ ला. मधली वर्षं काय करायचं? सकाळी पर्वरीहून निघायचं, अंगणातल्या प्लॅस्टिकच्या खुर्चीवर बसायचं, आरतीला मागच्या रांगेत टाळ्या वाजवायच्या, तिसऱ्या पंगतीला जेवायचं, दुसऱ्या दिवशी विसर्जन आटोपून परत.

मुलगा सात वर्षांचा. गेल्या चवथीला विचारतो, "बाबा, हा गणपती कोणाचा?" म्हटलं, आपलाच. तर म्हणाला, "मग आपल्याला हात का लावू देत नाहीत?"

बायको म्हणते फ्लॅटवर दीड दिवसाचा लहानसा आणू. थोरल्या काकांना (वय ८१) फोन केला. "चूल वेगळी झाली म्हणून देव वेगळा होत नाही," एवढंच म्हणाले आणि फोन ठेवला. यंदा चवथ १४ सप्टेंबरला. चित्रशाळेत, म्हणजे मूर्तिकाराकडे, पाट पोचवायचा तर आता ठरवायला हवं. तुमच्याकडे काय करतात?

रगडो

फ्लॅटांत माटोळी खंय बांदतलो रे? पंख्याक?

वास्कोचा_वारा

रगडो, हसू नका. आम्ही खरोखर पंख्याच्याच हुकाला बांधली होती. लाकडी चौकट सुताराकडून करून घेतली, मधला दोर पंख्याच्या हुकातून आणि चार कोपऱ्यांचे दोर खिडक्यांच्या गजांना. सुपारीची शिपटी, आंबाडे, तोरिंग, चिबूड, कांगलां, सगळं व्यवस्थित. मेहुण्याने हौसेने असोल्या नारळांची जोडी मधोमध बांधली. संध्याकाळच्या आरतीला "घालीन लोटांगण" सुरू झालं, सगळे गोल फिरले, आणि जोडीतला एक नारळ सुटून थेट मेहुण्याच्याच पायावर. अंगठ्याचं नख गेलं. त्यानंतर आमच्या फ्लॅटमधल्या माटोळीला फक्त हलका माल. नारळ खाली पाटाजवळ ठेवतो.

पण मूळ प्रश्नाला उत्तर: आणा. आम्ही आणतो. आभाळ कोसळलं नाही, कोसळला तो नारळच.

अंत्रुजवाली

पर्वरीकर, तुमचे काका चुकीचं बोलले नाहीत. आमच्या अंत्रुजात, म्हणजे फोंड्याकडे, नियमच तो, घराण्याचा गणपती एक. वेगळा आणायचा तर आधी रीतसर वाटणी व्हावी, मग कुलदेवाला कौल लावून विचारावं. आमच्या सख्ख्या चुलतभावाने मडगावला घर बांधलं तेव्हा तसंच केलं. देवाच्या अंगाला पाकळ्या लावल्या, गाऱ्हाणं घातलं, उजवीकडची पडली, म्हणजे होकार. त्या वर्षापासून त्याचा वेगळा. कोणाच्या मनात किल्मिष राहिलं नाही. देवाने सांगितल्यावर काका तरी काय बोलणार?

भाटकार_नसलेला

डावी पडली असती तर? आमच्याकडे डावी पडली की मोठे लोक म्हणतात, पाकळी नीट चिकटली नव्हती, परत लावा.

अंत्रुजवाली

तुमच्याकडे काय चालतं ते तुम्ही बघा, आमच्याकडे परत लावत नाहीत 🙂

पुण्याहून_प्रेमाने

बाहेरचा प्रश्न विचारतो, राग मानू नका. पुण्यात आमच्या इमारतीत चौदा फ्लॅट आणि चौदा गणपती. तीन सख्खे भाऊ एकाच मजल्यावर, तिघांचे तीन. कोणी कोणाला विचारत नाही. गोव्यात एवढं अवघड का आहे? आणि माटोळी म्हणजे मखर का?

केप्याची_माय

पुणेकर, माटोळी म्हणजे मखर नव्हे. मखर मूर्तीच्या मागे, माटोळी मूर्तीच्या डोक्यावर. छताला टांगलेली लाकडी चौकट आणि तिला त्या दिवसांत रानात, कुळागरात, परसात जे जे पिकतं ते सगळं बांधायचं. कवंडळ, घागऱ्यो, कांगलां ही नावं तुम्ही ऐकली नसतील, ती वर्षभर कोणी ढुंकून बघत नाही. चवथीच्या आधी दोन दिवस मात्र म्हापसा, फोंडा, मडगावच्या बाजारात रानातल्या बायका ती घेऊन बसतात आणि मूठभर कांगलांचे सांगतील ते पैसे द्यावे लागतात. कला आणि संस्कृती खात्यातर्फे माटोळीची स्पर्धा होते. काही घरी शेकड्यांनी प्रकार बांधलेले असतात, परीक्षकांना प्रत्येकाचं नाव सांगतात. माझ्या सासऱ्यांना साठ-सत्तर वनस्पती नुसत्या पानावरून ओळखता यायच्या. माझ्या मुलाला कढीपत्ता आणि कडुलिंब यांतला फरक कळत नाही.

कागदाचा_गणपती

पुणेकर, "एवढं अवघड का" याचं उत्तर इतिहासातही आहे. जुन्या काबिजातींत, म्हणजे पोर्तुगिजांनी आधी घेतलेल्या तिसवाडी, साष्टी, बारदेशात, सोळाव्या शतकात त्यांनी देवळं मोडली. मंगेश कुशस्थळीहून प्रियोळला, शांतादुर्गा केळशीहून कवळ्याला, म्हाळसा वेर्ण्याहून म्हार्दोळला गेली. इन्क्विझिशन, म्हणजे चर्चचं धर्मन्यायालय, १५६० ला आलं ते १८१२ ला कायमचं बंद झालं. मातीची मूर्ती रंगवून वाजतगाजत आणायची सोय नव्हती, म्हणून कित्येक घराण्यांत कागदावरचा गणपती पुजायची रीत पडली असं आमचे जुने लोक सांगतात. आमच्याकडे आजही मूर्ती नाही. पितळी नळीत गुंडाळून ठेवलेलं चित्र चवथीला काढतात, पाटावर उभं करतात, आणि विसर्जनाला फक्त पत्री आणि निर्माल्य नेतात. चित्र परत नळीत. कडा कसरीने खाल्ल्या आहेत, सोंडेच्या टोकाशी कुंकवाचा डाग आहे, तो कोणाच्या हातचा ते कोणाला ठाऊक नाही.

आता गंमत ऐका. तीन वर्षांपूर्वी बंगळूरच्या चुलतभावाला सुटी मिळाली नाही. त्याने आधीच मोबाइलवर चित्राचा फोटो काढून ठेवला होता. तिकडे रंगीत प्रिंट काढून फ्रेम केली आणि पूजा केली. घराण्यात हलकल्लोळ. वेगळा गणपती आणला की तोच गणपती दोन ठिकाणी पुजला? भटजींनी हात वर केले. अजून निकाल लागलेला नाही.

रगडो

झेरॉक्स गणपती 😄 "ट्रू कॉपी" म्हणून शिक्का मारून घ्यायचा होता.

कोर्टात_भेटू

अंत्रुजवालींनी "रीतसर वाटणी" असं सहज लिहिलं म्हणून दोन शब्द. गोव्यात ते एवढं सोपं नाही. आपल्याकडे १८६७ ची पोर्तुगीज नागरी संहिता १८७० पासून लागू झाली. मुलगा-मुलगी समान वाटा, अर्धी मालमत्ता सक्तीच्या वारसांसाठी राखीव, आणि वेगळा करार केलेला नसेल तर लग्नानंतर नवरा-बायको दोघं अर्ध्या-अर्ध्याचे मालक. वारसाचा भाग २०१२ च्या कायद्याने नव्याने मांडला, तत्त्व तेच राहिलं. त्यामुळे मूळ घर विकायचं म्हटलं तर सगळे भाऊ, सगळ्या बहिणी, आणि त्या सगळ्यांचे नवरे-बायका यांच्या सह्या लागतात. माझ्याकडे एका घराचा एक-चौदाचा उतारा आहे, त्यावर २३ नावं आहेत आणि त्यातली ११ माणसं हयात नाहीत.

वाटणी जमली नाही तर इन्व्हेन्तार, म्हणजे कोर्टातून वाटणी. तिथे वारस आपापसांत बोली लावतात, जास्त बोलेल त्याला घर, बाकीच्यांना पैसे. मी एका इन्व्हेन्तारात होतो. घराची बोली झाली, भाटाची (बागायतीची) झाली, अगदी तांब्याच्या हंड्याचीही झाली. शेवटी देव्हारा आला आणि सगळे गप्प. बोली लावायला कोणी तयार नाही, सोडायलाही कोणी तयार नाही. तो अजून त्याच खोलीत आहे आणि खोलीच्या तीन किल्ल्या तीन भावांकडे.

तेव्हा पर्वरीकर, वाटणी होईपर्यंत थांबलात तर मुलगा सात वर्षांचा राहणार नाही, तुमच्या काकांच्या वयाचा होईल.

सावंतवाडीची_सून

वाचत होते, राहवलं नाही म्हणून लिहिते. तुमची सगळी चर्चा देवाच्या खोलीत चालली आहे. आता जरा स्वयंपाकघरात या.

मी लग्न होऊन डिचोलीजवळच्या मोठ्या घरात आले. पहिल्या चवथीला माहेराहून वझं आलं: फळं, नेवऱ्यो (करंज्या), लाडू, माटोळीचं सामान. माझ्या वडिलांनी त्यासाठी सोसायटीतून पैसे उचलले होते. ते मला चार वर्षांनी कळलं. सासरी कोणी मागितलं नव्हतं, पण आलं नसतं तर कोणी विसरलंही नसतं.

चवथीच्या दिवशी पहाटे चारला उठायचं. नारळ किती? मी एकदा करवंट्या मोजल्या होत्या, ४३. खतखतं, मुगागाठी, अळूचं तोंडाक, मणगणं, पायस, मोदक. दुसऱ्या दिवशी पातोळ्या, हळदीची पानं धुऊन पुसून. आम्ही सात सुना. आरती सुरू झाली की सासूबाई सांगायच्या, "एक जण गॅसपाशी थांबा." ती एक जण नेहमी धाकटी. मी नऊ वर्षं धाकटी होते. नऊ वर्षं मी गणपतीची आरती खतखत्याच्या वाफेत ऐकली आहे, बघितलेली नाही.

आणि तुमच्या त्या "पाळी" शब्दाचा दुसरा अर्थही आहे. ती येऊ नये म्हणून घराघरांत गोळ्या घेतात, आणि त्याबद्दल कोणी कौल लावत नाही.

पर्वरीकर, तुमच्या बायकोला फ्लॅटवर गणपती का हवा आहे ते तिला नीट विचारा. मुलाने हात लावावा म्हणून हवा असेल, किंवा तिला स्वतःला एकदा समोर उभं राहून आरती बघायची असेल.

केप्याची_माय

सुने, तुझ्या प्रत्येक अक्षराला माझं हो आहे. एकच भर घालते. त्याच स्वयंपाकघरात मला माझ्या जावा भेटल्या. वर्षभर आम्ही एकमेकींना फोन करत नाही. चवथीच्या आदल्या रात्री नेवऱ्या भरताना सगळं बाहेर येतं, कोणाचं मूल नापास, कोणाचा नवरा दारू पितो, कोणाला गाठ आली आहे. मला थायरॉइड आहे हे माझ्या नवऱ्याच्या आधी माझ्या मोठ्या जावेने ओळखलं, माझ्या गळ्याकडे बघून, कातणं फिरवता फिरवता. फ्लॅटवर मी एकटीने एकवीस मोदक केले तर ते होतील दोन तासांत. पण ती रात्र होणार नाही.

भाटकार_नसलेला

दोन्ही ताईंना नमस्कार. पण पुरुषांना आदोळीवर (खोवणीच्या विळीवर) बसवायला कोणी बंदी घातली आहे? माझे वडील नारळ खोवायचे. त्यांच्या भावांनी आयुष्यभर चिडवलं, पण चून असा बारीक पडायचा की काकवा मुद्दाम त्यांच्याकडे नारळ पाठवायच्या.

सावंतवाडीची_सून

बंदी नाही हो. पुरुषांना तेवढ्या वेळात आरतीला वाजवायचं घुमट तापवायचं असतं.

घुमटवादक

हां, घुमटावर आलात तर मी आलोच. तापवावं लागतं ताई, पावसाळ्यात चामडं सैल पडतं. पूर्वी मातीच्या घुमटाला घोरपडीचं कातडं असायचं, वन्यजीव कायद्यामुळे ते बंद झालं, आता बकऱ्याचं. आवाजात फरक पडतो, नाही म्हणणार नाही. पण बकऱ्याच्या कातड्यामुळेच २०१९ ला सरकारला घुमटाला वारसा वाद्याचा दर्जा देता आला.

मूळ मुद्दा: घुमट आरतीला किमान दोन घुमट, शामेळ (चर्मवाद्य), कासाळें (झांजा) आणि ओढून गाणारे सात-आठ गळे लागतात. फ्लॅटवर तुम्ही तिघं. मोबाइलवर आरती लावणार, वरचा शेजारी सोसायटीच्या ग्रुपवर तक्रार टाकणार. मी आरत्या कोणाकडे बसून शिकलो नाही. मागच्या रांगेत टाळ्या वाजवत उभा राहून शिकलो. तुमचा मुलगा ज्या मागच्या रांगेत उभा आहे ती रांग वाया जात नाही हो.

पुण्याहून_प्रेमाने

एक विचारू? घरात तुम्ही कोकणी बोलता, आरत्या मात्र मराठीत?

रगडो

पुणेकर, हा प्रश्न विचारून तुम्ही १९८७ च्या राजभाषेच्या वादापर्यंत मागे जाल आणि धागा चारशे प्रतिसादांवर जाईल. कृपया पातोळी खा.

घुमटवादक

😂 थोडक्यात: देवाशी मराठी, बायकोशी कोकणी, सायबाशी इंग्लिश.

वास्कोचा_वारा

एकत्र गणपतीची दुसरी बाजू. आमच्या मूळ घरी एकदा चवथीच्या पाच दिवस आधी कॅनडात चुलतभावाला मुलगी झाली. झालं, सगळ्या घराण्याला सुयेर, म्हणजे जन्माचा विटाळ. मूर्ती चित्रशाळेत तयार, माटोळीचं सामान आणलेलं, आणि तेरा हजार किलोमीटरवर जन्मलेल्या त्या पोरीपायी गणपती पुढे गेला. आता ती सहा वर्षांची आहे, अजून गोव्याला आलेली नाही, पण घरात तिचं नाव "विघ्नकर्ती". वेगळा आणायला लागलो त्याचं हेही कारण.

अंत्रुजवाली

वेगळा आणलात म्हणून सुयेर-सुतक चुकतं होय? रक्ताचं नातं आहे, गणपतीचं नव्हे.

वास्कोचा_वारा

चुकत नाही, मान्य. पण कॅनडाची बातमी आता आम्हाला चवथ झाल्यावर कळते.

सालशेतची_शेजारीण

मी कॅथलिक, पण मराठी शाळेत शिकले, म्हणून इथे डोकावते. आमच्या शेजारचं हिंदू घर वर्षभर कुलूपबंद असतं. चवथीच्या आठ दिवस आधी कोणीतरी येऊन शेणाने अंगण सारवतं, मग गाड्या येतात. आमच्या परसातलं तोरिंग आणि नारळाची पेंड (घड) त्यांच्या माटोळीला जाते, माझ्या आजीच्या वेळेपासून. ते आम्हाला नेवऱ्या देतात, आम्ही नाताळाला कुसवाराचं, म्हणजे गोडाधोडाचं, ताट. तुमच्याकडे नव्याची पंचम असते ना, भाताची नवी कणसं घरात आणतात? आमचं कोणसाचं फेस्त तसंच, राय गावात ५ ऑगस्टला.

दोन वर्षांपूर्वी त्या घरातल्या चार भावांनी आपापल्या फ्लॅटवर गणपती आणायला सुरुवात केली. त्या वर्षी तोरिंग झाडावरच राहिलं. मी पेंड काढून ठेवली होती, न्यायला कोणी आलं नाही. मला बोलायचा हक्क नाही, पण वाईट वाटलं.

कोर्टात_भेटू

तुम्हाला हक्क आहे. तोरिंग तुमचं आहे.

पर्वरीकर

सगळ्यांचे आभार, उत्तराला उशीर झाला. सूनताईंनी सांगितल्याप्रमाणे बायकोला विचारलं. ती म्हणाली, "बारा वर्षांत मला कोणी गणपतीच्या खोलीत बस म्हटलं नाही. फ्लॅट माझा आहे, तिथे मला कोण उठवणार?" मला हे माहीत नव्हतं. माहीत नव्हतं हेच तिला जास्त लागलं.

रविवारी बोरीला गेलो. काकांशी बोलणं वळेना, म्हणून काकूंकडे स्वयंपाकघरात बसलो आणि आदोळी ओढून घेतली (भाटकार, तुमच्या वडिलांना स्मरून). एका नारळात बोट कापलं. काकूंनी हळद लावली आणि मग म्हणाल्या, "यंदाची पाळी दुबईच्या अण्णाची, तो काही येत नाही. तू घे. दोन वर्षांनी तुझी येईल ती त्याला दे." हे काकांनी ठरवलं होतं की काकूंनी ते मी विचारलं नाही. काका बाहेर सोप्यावर रेडिओ ऐकत होते, मी निघताना त्यांनी फक्त आवाज कमी केला.

बायकोने तीन अटी घातल्या आहेत. आरतीला स्वयंपाकघरात कोणीही थांबायचं नाही, गॅस बंद. नारळ पुरुषांनी खोवायचे. आणि चित्रशाळेतून मूर्ती आणताना पाट मुलाच्या मांडीवर. पहिल्या दोन मान्य झाल्या आहेत असं दिसतं. तिसरीवर काका म्हणतात, "पोर हालवील." बघू.

अंत्रुजवाली

म्हणजे वेगळा आणत नाही? छान. देवाने ऐकलं.

सावंतवाडीची_सून

देवाने ऐकलं की काकूंनी? 🙂 गॅस बंद ठेवाल तो दिवस इथे लिहा. आणि २०२७ ला काय, तेही.

पर्वरीकर

२०२७ चं घरी अजून कोणी बोललेलं नाही. बायको तर मुळीच नाही, त्यामुळे मला धास्ती आहे.

तूर्त दुसरीच अडचण. माटोळीची यादी काकांनी दिली, ६१ नावं, वळणदार अक्षरात. त्यातली निम्मी मी ओळखत नाही. कांगलां आणि कवंडळ फोंड्याच्या बाजारात नक्की कधी मिळतात?

केप्याची_माय

शनिवारी पहाटे. सहाला पोचा, साडेसातला संपतात. मुलाला घेऊन जा, आणि सुटे पैसे न्या, रानातल्या बायका मोबाइलवर घेत नाहीत. कवंडळ लाल बघून घेऊ नका, चवथीपर्यंत फुटतं. किंचित हिरवट असतानाच घ्या.

रगडो

आनी नाल्ल घट बांद रे, वास्कोकाराक विचार.